भावना दुखावल्या की माणूस?

कल्याण-डोंबिवलीत व्हॉट्सअ‍ॅपवर काही फिरले की पहिला निरोप येतो, "भावना दुखावल्या, गुन्हा दाखल करा." आम्ही कार्यकर्तेही तसेच बोलतो. पण हे शस्त्र कुणावर चालले, याचा इतिहास आधी पाहू.

१७ नोव्हेंबर २०१२ रोजी बाळासाहेब ठाकरे यांचे निधन झाले. मुंबई-ठाणे बंद झाले. पालघर तेव्हा ठाणे जिल्ह्यात होते. तिथल्या एका तरुणीने फेसबुकवर या बंदवर प्रश्न केला, मैत्रिणीने पोस्ट लाइक केली. जमावाने तिच्या काकांचा दवाखाना फोडला आणि त्या दोघींना अटक झाली! पुढे दोन पोलीस अधिकारी निलंबित झाले. २४ मार्च २०१५ रोजी सर्वोच्च न्यायालयाने माहिती तंत्रज्ञान कायद्याचे कलम ६६अ घटनाबाह्य ठरवले.

आपल्याला हे नवे नाही. १९८७ मध्ये महाराष्ट्र शासनाने बाबासाहेबांचे 'रिडल्स इन हिंदुइझम' प्रसिद्ध केले. राम-कृष्णावरील परिशिष्टाने भावना दुखावल्या म्हणत मोर्चे निघाले, ग्रंथ जाळला गेला. फेब्रुवारी १९८८ मध्ये आपला समाज प्रचंड संख्येने मुंबईत रस्त्यावर उतरला. अखेर परिशिष्ट राहिले. ही मते शासनाची नाहीत, एवढी तळटीप आली.

मग द्वेष पसरवणाऱ्याला मोकळे सोडायचे? मुळीच नाही. संविधानाच्या अनुच्छेद १९(२) मध्ये सार्वजनिक सुव्यवस्था, बदनामी, गुन्ह्यास चिथावणी अशी बंधने आहेत. यातली सुव्यवस्था व चिथावणी १९५१ च्या पहिल्या घटनादुरुस्तीने आली. बाबासाहेब तेव्हा कायदामंत्री होते. त्या यादीत 'भावना' हा शब्द नाही. धार्मिक भावनांचे कलम २९५अ इंग्रजांनी १९२७ मध्ये आणले. त्याच वर्षी २५ डिसेंबरला महाडला मनुस्मृतीचे दहन झाले. केवळ भावनांच्या मापाने मोजले तर महाडही गुन्हाच ठरेल!

आपले माप वेगळे हवे. अ‍ॅट्रॉसिटी कायद्याचे कलम ३(१)(यू) अनुसूचित जाती-जमातींच्या माणसांविरुद्ध शत्रुत्व व द्वेष पसरवण्याला गुन्हा मानते. इथे संरक्षण माणसाला आहे, पोथीला नाही.

म्हणून मित्रांनो, पोलीस ठाण्याची पायरी चढण्याआधी एकच विचारा : हल्ला विचारावर आहे की जन्मावर? कुणी बाबासाहेबांचा विचार खोडला, तर लेखणी उचला. जातीवरून शिवी दिली, वस्तीवर जमाव चिथावला, तर पुरावा जपा, एफआयआर नोंदवा आणि खटला संपेपर्यंत मागे हटू नका.

जय भीम!