दासबोध व प्रो. रानडे यांचे विवरण

शके १५३० मध्ये जांबेस जन्मलेल्या समर्थांच्या दासबोधाचे समास २००. वादासाठी मात्र राजकारणाचे मोजकेच समास पुढे येतात. प्रो. रा. द. रानडे यांनी ‘मिस्टिसिझम इन् महाराष्ट्र’ या १९३३ च्या ग्रंथात ज्ञानेश्वरांचा साक्षात्कारमार्ग बुद्धिप्रधान व समर्थांचा कर्मप्रधान म्हटला. तेवढ्या शब्दावरून त्यांस राजकारणपक्षाचे साक्षीदार करणे आम्हांस अन्यायाचे वाटते. कर्मप्रधान हे विशेषण. विशेष्य साक्षात्कार, हे व्याकरण तरी विसरू नये! शिवाय विवरणाआधी ‘रामदासवचनामृत’ काढून त्यांनी मूळ ओव्याच वाचकांपुढे ठेविल्या होत्या. आधी अस्सल कागद, मग निष्कर्ष, अशी ही इतिहाससंशोधकाचीच रीत होय. रानड्यांचे विवरण खोडू इच्छिणाराने प्रथम तो संग्रह उघडावा.