नावात काय आहे, हे इंदोऱ्याच्या पुलाला विचारा

सक्करदऱ्यात आम्ही संध्याकाळची अभ्यासिका चालवतो. गडचिरोली, भंडारा, यवतमाळकडून शिकायला आलेली पोरं या भागात खोल्या शोधत फिरतात. घरमालक आधी गाव विचारतो, मग आडनाव, आणि लगेच त्याला आठवतं की खोली कालच गेली. यंदा एका मुलाने विचारलं, "सर, आडनाव सांगितलंच नाही तर?" उत्तर द्यायला आम्हाला १९७८ सालात जावं लागलं.

नागपूर विद्यापीठाची स्थापना ४ ऑगस्ट १९२३ची. दरवर्षी वर्धापन दिन होतो. याच तारखेला, ४ ऑगस्ट १९७८ रोजी, याच शहरात इंदोऱ्याच्या दहा नंबर पुलाजवळ पोलिसांनी नामांतरवाद्यांवर गोळ्या झाडल्या. मरणाऱ्यांत अविनाश डोंगरेसारखा कोवळा मुलगा होता. मागणी कशाची? औरंगाबादच्या मराठवाडा विद्यापीठाला बाबासाहेबांचं नाव देण्याची. ज्या शहरात बाबासाहेबांनी १९५० साली मिलिंद महाविद्यालय उभं केलं, म्हणजे हे विद्यापीठ निघायच्या आठ वर्षं आधी, त्याच शहरातलं विद्यापीठ!

२७ जुलै १९७८ला विधिमंडळाच्या दोन्ही सभागृहांनी ठराव केला आणि मराठवाडा पेटवला गेला. कारण सांगितलं प्रादेशिक अस्मितेचं. मित्रांनो, भांडण खरंच विद्यापीठाच्या पाटीचं असतं तर ते विद्यापीठात झालं असतं. जाळल्या गेल्या त्या गावाबाहेरच्या वस्त्या. नांदेड जिल्ह्यातल्या टेंभुर्णीत पोचीराम कांबळेंना मारून जाळलं. ते मातंग समाजाचे होते. नामांतर म्हणजे एकाच जातीचा हट्ट, असं आजही बोलणाऱ्यांनी एवढं तरी वाचावं. ज्या वस्त्यांत पदवीधर शोधून सापडला नसता, त्यांनी विद्यापीठाच्या नावाची किंमत मोजली. राग पाटीचा नव्हताच. गावकीची कामं सोडणाऱ्या, ताठ मानेनं 'जय भीम' घालणाऱ्या माणसाचा होता.

पुढे ११ नोव्हेंबर १९७९ला प्रा. जोगेंद्र कवाडे यांच्या नेतृत्वात दीक्षाभूमीवरून लाँग मार्च निघाला. औरंगाबादेत पोचण्याआधीच तो पोलिसांनी अडवला. १४ जानेवारी १९९४ उजाडायला साडेपंधरा वर्षं लागली, आणि मिळाला तोही नामविस्तार. 'मराठवाडा' हा शब्द कायम राहिला. त्याच वर्षी नांदेडला वेगळं विद्यापीठ निघालं.

आता आपलंच नागपूर बघा. २००५ साली इथल्या विद्यापीठाला राष्ट्रसंत तुकडोजी महाराजांचं नाव जोडलं गेलं. एकही घर जळलं नाही. महाराजांबद्दल आम्हाला आदरच आहे, आणि कुठेही जळू नये हेच योग्य. पण 'नावात काय आहे' हा प्रश्न नेमका बाबासाहेबांच्याच वेळी का सुचला, याचं उत्तर कोणी देत नाही.

नाव मिळालं म्हणजे आतली बाकं समान झाली, असंही नाही. मिलिंदमध्येच शिकलेले आपल्या अमरावती जिल्ह्यातले प्रा. सुखदेव थोरात यांच्या समितीने २००७ साली दिल्लीच्या एम्समधला जातिभेद कागदावर आणला. वसतिगृहात, मेसमध्ये, खेळाच्या मैदानावरसुद्धा पोरं वेगळी पाडली जात होती. २०१२ साली विद्यापीठ अनुदान आयोगाने नियम केले : प्रत्येक संस्थेत समान संधी कक्ष, भेदभावविरोधी अधिकारी. तरी २०१६ साली हैदराबादेत रोहित वेमुला गेला, २०१९ साली मुंबईत आपल्या जळगावची डॉ. पायल तडवी गेली. त्याच वर्षी दोघांच्या आया, राधिका वेमुला आणि आबेदा तडवी, हे नियम खरोखर पाळले जावेत म्हणून सर्वोच्च न्यायालयात गेल्या. कागदावरचा नियम लागू करा, एवढं सांगायला दोन आयांना लेकरं गमवावी लागली.

आम्ही त्या मुलाला आडनाव लपवू नको म्हणालो. सांगायला सोपं होतं, कारण खोली त्याला शोधायची होती, आम्हाला नाही. म्हणून नंतर तीन दिवस त्याच्यासोबत आम्हीही फिरलो. बुधवार बाजाराच्या मागे एका म्हाताऱ्या आजीने खोली दिली. तिने फक्त भाडं वेळेवर देशील का, एवढंच विचारलं. मग आम्ही त्याच्या महाविद्यालयात जाऊन समान संधी कक्ष कुठे आहे म्हणून चौकशी केली. शिपायाने आधी कँटीनकडे बोट दाखवलं, मग ग्रंथालयाकडे. लेखी अर्ज देऊन पोच घेतली आहे. येत्या ४ ऑगस्टला इंदोऱ्याच्या शहीद स्मारकावर तो मुलगा आमच्यासोबत येणार आहे.