काळी यादी (शासकीय औषधखरेदीतील)

निकृष्ट औषधे, सलाइन, हातमोजे किंवा उपकरणे पुरवणाऱ्या उत्पादकाला वा वितरकाला ठरावीक मुदतीपर्यंत शासकीय निविदा भरण्यास मनाई करणे, यालाच काळ्या यादीत टाकणे म्हणतात. ही फौजदारी शिक्षा नव्हे. औषधे व सौंदर्यप्रसाधने अधिनियम, १९४० खालचा खटला आणि परवान्यावरची कारवाई यांच्या वाटा वेगळ्या आहेत. काळी यादी हा शासनाचा ग्राहक म्हणून असलेला अधिकार आहे.

सोलापुरात या कारवाईची सुरुवात होते ती छत्रपती शिवाजी महाराज सर्वोपचार रुग्णालयासारख्या ठिकाणच्या औषध भांडारात. या रुग्णालयात धाराशिवचे आणि सीमेपलीकडच्या कर्नाटकातलेही रुग्ण येतात. अन्न व औषध प्रशासनाचा औषध निरीक्षक भांडारात बॅच क्रमांक पाहून नमुना घेतो, त्याचे चार भाग करून ते मोहोरबंद करतो. एक भाग भांडाराकडेच राहतो, एक शासकीय विश्लेषकाकडे जातो, एक न्यायालयासाठी राखला जातो आणि एक उत्पादकाला पाठवला जातो. संशयित साठा वाटू नये असा आदेश निरीक्षक देऊ शकतो, पण तो जास्तीत जास्त २० दिवसांचा. अहवाल त्याहून उशिरा आला, तर मधल्या काळात वॉर्डांची मागणीपत्रे थांबत नाहीत आणि गोळ्या रुग्णांच्या पोटात गेलेल्या असतात. या व्यवस्थेचे सर्वांत दुखरे ठिकाण हेच.

नागपूरच्या प्रकरणात हे स्पष्ट दिसले. कळमेश्वरच्या शासकीय आरोग्य केंद्रातून मार्च २०२३ मध्ये घेतलेल्या सिप्रोफ्लॉक्सासिन गोळ्यांचा अहवाल डिसेंबरमध्ये आला. गोळ्यांत औषधच नव्हते. पुढे इंदिरा गांधी शासकीय वैद्यकीय महाविद्यालयाच्या भांडारातून अशा २१,६०० गोळ्या जप्त झाल्या. वेष्टनावर छापलेली कंपनी अस्तित्वातच नव्हती. अशा वेळी उत्पादकाचे नाव यादीत घालून काही साधत नाही. माल आणून देणाऱ्या वितरकापर्यंत पोहोचावे लागते. म्हणूनच ‘अप्रमाणित’ आणि ‘बनावट’ हा भेद महत्त्वाचा. घटक कमी भरला किंवा गोळी विरघळली नाही तर माल अप्रमाणित ठरतो. दुसऱ्याच्या किंवा नसलेल्या कंपनीच्या नावाने विकलेला माल बनावट असतो.

महाराष्ट्राने औषध तपासणीतील दुर्लक्षाची किंमत फार आधी मोजली आहे. १९८६च्या सुरुवातीला मुंबईच्या जे. जे. रुग्णालयात डायएथिलीन ग्लायकोल मिसळलेल्या ग्लिसरीनने १४ रुग्ण दगावले. या मृत्यूंची चौकशी करणाऱ्या न्या. लेंटिन आयोगाने खरेदीपासून प्रशासनापर्यंतची साखळी उघडी केली आणि आरोग्यमंत्री भाई सावंत यांना पद सोडावे लागले. राज्याची मध्यवर्ती औषधखरेदी २०१७ मध्ये हाफकिन महामंडळाकडे गेली. २०२३च्या कायद्याने त्यासाठी महाराष्ट्र वैद्यकीय वस्तू खरेदी प्राधिकरण आले.

काळ्या यादीवर न्यायालयाचा अंकुश आहे. पुरवठादाराचे म्हणणे ऐकल्याशिवाय त्याला वगळता येणार नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने इरुशियन इक्विपमेंट प्रकरणात १९७४ मध्येच ठरवले. काळ्या यादीचा विचार असल्याचे कारणे दाखवा नोटिशीतून कळले पाहिजे, हे २०१४च्या गोरखा सिक्युरिटी निकालाने सांगितले. कायमची बंदी सहसा टिकत नाही. मुदत दोषाच्या प्रमाणात असावी लागते. कारणे न देता घाईने काढलेला आदेश न्यायालयात पडतो आणि तोच पुरवठादार पुढच्या निविदेला हजर होतो. रुग्णांच्या बाजूने पाहिले तर नोटीस नीट लिहिणे हेसुद्धा औषध तपासण्याइतकेच मोलाचे काम आहे.

राज्यांच्या सीमा ही आणखी एक अडचण. नोव्हेंबर २०२४ मध्ये कर्नाटकातील बळ्ळारीत बाळंतिणींच्या मृत्यूंनंतर पश्चिम बंगालमधील एका उत्पादकाच्या रिंगर लॅक्टेट सलाइनवर संशय आला. कर्नाटकाच्या प्रयोगशाळेने नापास केलेल्या काही बॅचेस केंद्रीय प्रयोगशाळेने पूर्वी उत्तीर्ण ठरवल्या होत्या, त्यामुळे वापर पुन्हा सुरू झाला होता. जानेवारी २०२५ मध्ये पश्चिम बंगालमधील मेदिनीपूरच्या रुग्णालयात एका बाळंतिणीच्या मृत्यूनंतर त्याच उत्पादकाचे नाव पुढे आले.

तमिळनाडूच्या वैद्यकीय सेवा महामंडळाने १९९०च्या दशकापासून वेगळी शिस्त पाळली आहे. तिथे नापास मालाबद्दल त्या वस्तूपुरती किंवा संपूर्ण कंपनीवर बंदी येते आणि अशी नावे जाहीर होतात. आलेली बॅच चाचणीत उत्तीर्ण होईपर्यंत गोदामात वेगळी ठेवली जाते. त्याआधी ती रुग्णालयांना वाटली जात नाही.