गढीचं दार आतून उघडतं

सकाळचे नऊ वाजत आलेत. साल 1425 च्या आसपासचं, मुलूख इंग्लंडच्या पूर्वेकडचा. गावाचं नाव नाटकाच्या संहितेतच कोरं सोडलंय. खेळाच्या आठवडाभर आधी निशाणं घेतलेले लोक कर्णे वाजवत येतात, दवंडी देतात आणि त्या कोऱ्या जागी समोरच्या गावाचं नाव घेतात. आज ज्या गावाचं नाव घेतलं, तिथल्या गर्दीत तुम्ही उभे आहात.

मैदानाभोवती गोल चर खणून पाणी सोडलंय. खणणं जमलं नाही तर भक्कम कुंपण घालावं, असं आराखड्यावर लिहिलंय. कडेला पाच मचाणं आहेत. पूर्वेला देव, दक्षिणेला देह, पश्चिमेला जग, उत्तरेला बेलियल नावाचा सैतान. आणि ईशान्येला, देव आणि सैतान यांच्या मधे, लोभ. सात पापांपैकी बाकीची सहा आपापल्या धन्याच्या हाताखाली राबतात. स्वतंत्र मचाण एकट्या लोभाला.

मधोमध गढी. तिच्याजवळ कोणी बसायचं नाही, मागच्यांना दिसत नाही, म्हणून राखणदार तुम्हाला मागे सरकवतात. तरी वाकून बघा. बुरुजाखालच्या मोकळ्या जागेत एक पलंग आहे, पलंगाच्या पायथ्याशी लोभाचं कपाट. पलंगाखाली कोणीतरी निपचित पडून आहे. त्याचा प्रवेश यायला अजून फार वेळ आहे.

बोली तुम्हाला अर्धीमुर्धीच कळते, पण अडत नाही. डोक्यावर बाप्तिस्म्याचं फडकं बांधलेला, उघडावाघडा एक माणूस पुढे येतो. त्याचं नाव ‘मानवजात’. काल रात्रीच जन्मलो, म्हणतो. उजवीकडे चांगला देवदूत, डावीकडे वाईट. इथे बायबलातली कथा नाही, संताचं चरित्र नाही. एरवी व्यासपीठावरून ऐकू येणारे शब्द, गर्व, मत्सर, आळस, आज कपडे घालून तुमच्या पुढ्यातून चालत जातात. या जातीच्या खेळाला पुढे ‘मोरॅलिटी प्ले’ म्हणू लागले. जवळजवळ अखंड हाती आलेल्या अशा इंग्रजी नाटकांत ‘द कॅसल ऑफ पर्सिव्हिअरन्स’ हे सर्वांत जुनं. पस्तीसेक पात्रं, साडेतीन हजारांहून जास्त ओळी. सगळं एका हस्तलिखितावर तगलं; ते आता वॉशिंग्टनच्या फोल्जर ग्रंथालयात आहे.

मानवजात जगाच्या नादी लागते, पस्तावते आणि गढीत आसरा घेते. आत सात सद्गुण आहेत. मग हल्ला होतो.

बेलियल येतोय. अंगावरच्या नळ्यांतून बंदुकीची दारू फुरफुरत जळतेय: हातांत, कानांत, ढुंगणाशीसुद्धा. धुराने तुमचे डोळे चुरचुरतात, पुढे बसलेली पोरं किंचाळत मागे येतात. आळस खोरं घेऊन खंदकाचं पाणी काढून टाकायला धडपडतोय. आणि वरून सद्गुण काय फेकतात? गुलाब. नुसती गुलाबाची फुलं. ख्रिस्ताच्या यातनांची खूण असलेली ती फुलं अंगावर पडताच क्रोध आणि मत्सर सडकून मार बसल्यासारखे कळवळतात, अंग काळंनिळं झालं म्हणून ओरडत पळतात. उद्या सकाळी गवतात चुरगळलेल्या पाकळ्या सापडतील.

लढाई जिंकली. लोक सुटकेचा श्वास टाकतात, तुम्हीही. हीच जागा मला या नाटकात सगळ्यात खरी वाटते. लोभ शस्त्र उचलत नाही. तो गढीखाली येतो आणि हळू आवाजात बोलतो. मानवजात आता म्हातारी झालीय, केस पिकलेत, पाठ वाकलीय. म्हातारपणी हातात चार पैसे नकोत का? एवढंच. आणि माणूस स्वतःच्या पायांनी खाली उतरतो. चांगला देवदूत सद्गुणांना विनवतो, अडवा त्याला. ते अडवत नाहीत. देवाने त्याला स्वतःची इच्छा दिलीय, ती आम्ही कशी हिसकावणार? बेलियलच्या दारूने भिंतीचा टवका उडाला नव्हता. आता गढी उभी आहे आणि आत राखायला कोणी उरलं नाही.

लोभ त्याला हजार मार्क देतो. अजून, अजून, म्हणत तो साठवतो.

मग मृत्यू भाला घेऊन मैदानात येतो आणि महामारीची आठवण काढतो. 1348 साली आलेल्या त्या साथीने इंग्लंडची निदान तिसरा हिस्सा माणसं नेली, आणि ती पुनःपुन्हा परतत राहिली. तुमच्या शेजारच्या बाईचे ओठ हलतात. तिच्या घरातले कोण गेले, हे विचारायची ही वेळ नाही.

म्हातारा कपाटापाशी कोसळतो. त्याला वाटलं होतं, सगळं बायकोपोरांना जाईल. तेवढ्यात जगाने धाडलेला एक पोरगा सगळी मिळकत ताब्यात घ्यायला येतो. म्हाताऱ्याने कधी पाहिलेला नाही. नाव काय तुझं? पोरगा सांगतो त्याचा अर्थ ‘कोण-जाणे-कोण’. दयेची याचना करत म्हातारा मरतो.

आणि पलंगाखाली हालचाल होते. सकाळपासून तिथे पडून असलेला नट सरपटत बाहेर येतो. हा आत्मा. इतका वेळ मेजवान्या, लढाई, हिशेब सगळं त्याच्या डोक्यावर चाललं होतं. तो तिथेच होता आणि कोणी त्याला हाक मारली नव्हती. तो उभा राहतो आणि नुकत्याच मेलेल्या देहाकडे बघतो. मैदान चिडीचूप.

वाईट देवदूत त्याला नरकाकडे घेऊन निघतो. मग देवाच्या चार मुली वाद घालायला येतात: पांढऱ्या वस्त्रातली दया, लाल वस्त्रातला न्याय, गडद हिरव्यातलं सत्य, काळ्यातली शांती. वाद लांबतो, पाय दुखू लागतात, पण हलत कोणी नाही. मरताना उच्चारलेला तो एक शब्द, दया, वजनात भरतो. आत्म्याला सोडवून पूर्वेच्या मचाणावर नेतात, देव त्याला उजव्या हाताशी बसवतो.

मग देव झालेला नट लोकांकडे वळतो आणि साध्या सुरात सांगतो, आमचा खेळ संपला. स्तोत्र सुरू होतं. माणसं गुडघे झाडत उठतात. तुम्ही गर्दीतून वाट काढत गढीजवळ जाता. आता कोणी हटकत नाही. पलंगाखालच्या दबलेल्या गवतात एका माणसाच्या लांबीचा ठसा उमटलेला आहे.