हिरडा, हलेला आणि नाणेघाटाची वाट

युनानी दवाखान्यात एका बरणीत काळी, सुरकुतलेली, मनुकांसारखी फळं असतात. उर्दूत त्यांना ‘हलेला सियाह’ म्हणतात. नाव फारसी, औषध युनानी, तेव्हा वस्तूही इराणकडचीच असणार, असं आपल्यातल्या बऱ्याच जणांना वाटतं. प्रत्यक्षात तो आपला बाळहिरडा. हिरड्याचं कोय न धरलेलं कोवळं फळ वाळलं की असं काळं पडतं. जुन्नर आणि आंबेगाव तालुक्यांच्या पश्चिम डोंगरात महादेव कोळी कुटुंबं उन्हाळ्यात हाच बाळहिरडा झोडतात, वेचतात आणि वाळवतात.

दोन्ही भाषा शिकवत असल्यामुळे मला या शब्दाचा प्रवास फार आवडतो. संस्कृतातली ‘हरीतकी’ फारसीत ‘हलीला’ झाली आणि उर्दूतून ‘हलेला’ म्हणून घरी परतली. त्रिफळाचं अरबीत ‘इत्रीफल’ झालं. हकीमसाहेब इत्रीफल देतात आणि वैद्यबुवा त्रिफळा देतात, पण दोघांचा हिरडा, बेहडा, आवळा तोच!

शब्द आणि माल चालतात ते वाटांवरून. जुन्नरहून पश्चिमेला निघालं की पाऊस वाढत जातो, ज्वारी-बाजरी मागे पडते, भातखाचरं सुरू होतात आणि बांधावर हिरड्याची झाडं दिसू लागतात. पुढे सह्याद्री एकदम तुटतो आणि खाली कोकण. त्या कड्यातून उतरणाऱ्या वाटांपैकी नाणेघाट सगळ्यांना माहीत आहे. तिथल्या लेण्यात सातवाहनांची राणी नागनिका हिचा ब्राह्मी लिपीतला, दोन हजार वर्षांहून जुना लेख आहे. घाटमाथ्यावर दगडी रांजण आहे, जकातीची नाणी त्यात टाकत असं सांगतात. दक्षिणेला दऱ्या घाट, आणखी पुढे आंबेगावात आहुपे घाट. आहुप्याची देवराई आणि भीमाशंकरचं रान म्हणजे शेकरूचं घर. 1985 मध्ये या भागात अभयारण्य झालं. अंजनी, जांभूळ, हिरडा आणि उतारांवर कारवी, अशी ही झाडी आहे.

या वाटांमुळे जुन्नर मोठं झालं. बहमनी काळात अफनासी निकितीन हा रशियन व्यापारी घोडा विकायला चौलला उतरला आणि घाट चढून जुन्नरला आला. पावसाळ्यात तो इथेच अडकला. चार महिने रात्रंदिवस पाणी आणि चिखल, असं त्याने लिहून ठेवलं आहे. (इथे घोड्यांना खिचडी खायला घालतात, हेही त्याने नोंदवलं!) पुढे 1490 मध्ये जुन्नरचा सुभेदार मलिक अहमद याने बहमनींपासून वेगळं होऊन निजामशाही उभी केली. त्याचा मुलगा बुऱ्हाण निजामशहा याच्याकडे गार्सिया द ऑर्टा हा पोर्तुगीज हकीम उपचारांसाठी येत असे. 1563 मध्ये गोव्यात छापलेल्या त्याच्या ग्रंथात हिरड्यावर एक सबंध संवाद आहे. जुन्नरच्या मुसलमान कागद्यांचा हातकागद पेशवाईतही वापरात होता. हिरड्याच्या काढ्यात हिराकस घातला की काळी शाई होते, म्हणजे लिहिण्याचं निम्मं सामान डोंगरातून यायचं आणि निम्मं गावात बनायचं.

जुन्नरचा इतिहास सांगताना आपण निजामशाही सांगतो, मलिक अंबर सांगतो, सौदागर घुमट दाखवतो. हिरडा वेचणारे हात त्यात कुठेच येत नाहीत. शिवनेरीवर कोळी चौथरा आहे. निजामशाही बुडाल्यावर मुघल अमलात नव्या साऱ्याविरुद्ध महादेव कोळी उठले, आणि पकडलेल्यांची तिथे कत्तल झाली, अशी परंपरा सांगते. तिथे जवळच ईदगाह आहे. गडावर गेलेले आपले लोक ईदगाहचे फोटो काढतात आणि चौथऱ्याकडे पाठ करून उतरतात. मला हे पटत नाही. शिवनेरीवरचा मुस्लिम वारसा आपला म्हणायचा असेल, तर हा चौथरा त्यातून वगळता येणार नाही.

इंग्रज आले तेव्हा हिरडा कातडी कमावण्यासाठी मुंबईहून जहाजांनी विलायतेला जाऊ लागला. 1878 च्या वन कायद्याने सरकार रानाचं मालक झालं, आणि ज्यांची वहिवाट पिढ्यान्‌पिढ्यांची होती त्यांना परवानगी मागावी लागली. वनहक्क कायदा यायला 2006 उजाडलं. त्याआधी डिंभे धरणात घोड नदीकाठचं मूळ आंबेगाव बुडालं. तालुक्याला नाव देणारं गाव आज पाण्याखाली आहे, कचेऱ्या घोडेगावात.

3 जून 2020 ला निसर्ग चक्रीवादळ आलं. जुन्नर-आंबेगावच्या आदिवासी गावांत हिरड्याचं मोठं नुकसान झालं. भाताचं पीक गेलं तर पंचनाम्याचा कागद ठरलेला असतो. हिरडा पडला तो शेतमाल की वनोपज, यावरच गाडी अडली. भरपाईसाठी लोकांना वर्षानुवर्षं मोर्चे काढावे लागले, उपोषणाला बसावं लागलं. त्या बातम्या मराठी पेपरांत पुणे जिल्ह्याच्या पानावर येत होत्या, आणि दवाखान्यात हलेला सियाहच्या पुड्या नेहमीसारख्या बांधल्या जात होत्या.