शुभांगी कुलकर्णी

शुभांगी कुलकर्णी (जन्म : १९ जुलै १९५९, पुणे) या भारतीय महिला क्रिकेट संघाच्या माजी कर्णधार, लेगस्पिन गोलंदाज व क्रीडा प्रशासक आहेत. भारतीय महिला क्रिकेट संघटना २००६ साली भारतीय क्रिकेट नियामक मंडळात विलीन झाली, त्या वेळी त्या संघटनेच्या सचिव होत्या. खेळाडू ते व्यवस्थापक या त्यांच्या वाटचालीत भारतीय महिला क्रिकेटच्या स्थित्यंतराचा इतिहासही सामावलेला आहे.

पार्श्वभूमी

भारतीय महिला क्रिकेट संघटनेची स्थापना १९७३ साली लखनौ येथे महेंद्रकुमार शर्मा यांच्या पुढाकाराने झाली. त्याच वर्षी एप्रिलमध्ये पहिली आंतरराज्य स्पर्धा पुण्यात भरली. तीत मुंबई, महाराष्ट्र व उत्तर प्रदेश हे तीनच संघ होते. पुरुषांच्या क्रिकेटचा कारभार पाहणाऱ्या नियामक मंडळाशी या संघटनेचा संबंध नव्हता. तिचा कारभार मुख्यतः देणग्या व स्वयंसेवकांचे श्रम यांवर चाले. खेळाडू अनेकदा आरक्षणाविना रेल्वेने प्रवास करीत आणि सामायिक निवासात राहत. १९८२ मध्ये न्यूझीलंडला झालेल्या विश्वचषकासाठी प्रत्येक खेळाडूस १०,००० रुपये भरण्यास सांगण्यात आले होते. महाराष्ट्रातील खेळाडूंच्या मदतीस तत्कालीन मुख्यमंत्री अ. र. अंतुले धावून आले.

खेळाडू म्हणून कारकीर्द

३१ ऑक्टोबर १९७६ रोजी बंगळूर येथे वेस्ट इंडीजविरुद्ध भारतीय महिलांचा पहिला कसोटी सामना सुरू झाला. कुलकर्णी यांनी वयाच्या सतराव्या वर्षी याच सामन्यातून पदार्पण केले. १९९१ पर्यंत त्या १९ कसोटी सामने खेळल्या व त्यांत त्यांनी ६० बळी घेतले. डावात पाच वा अधिक बळी घेण्याची कामगिरी त्यांनी पाच वेळा केली. २७ एकदिवसीय सामन्यांत त्यांच्या नावावर ३८ बळी आहेत. तीन कसोटी व एका एकदिवसीय सामन्यात त्यांनी भारताचे नेतृत्व केले. १९८५ साली त्यांना अर्जुन पुरस्कार मिळाला.

संघटनकार्य व विलीनीकरण

निवृत्तीनंतर कुलकर्णी संघटनेच्या कामात आल्या व पुढे सचिव झाल्या. एप्रिल २००५ मध्ये भारतीय संघ दक्षिण आफ्रिकेत प्रथमच विश्वचषकाच्या अंतिम फेरीत पोहोचला, परंतु ऑस्ट्रेलियाकडून ९८ धावांनी पराभूत झाला. त्याच वर्षी आंतरराष्ट्रीय महिला क्रिकेट परिषद आंतरराष्ट्रीय क्रिकेट परिषदेत विलीन झाली. त्यामुळे प्रत्येक देशात महिला क्रिकेटचा कारभार पुरुषांच्या मंडळाकडे सोपविण्याचा प्रश्न पुढे आला.

भारतात हा निर्णय सोपा नव्हता. विलीनीकरणाने मैदाने, प्रशिक्षक, प्रवास व निवास यांचा खर्च भागणार होता, परंतु तेहतीस वर्षे जोपासलेली स्वतंत्र संघटना विसर्जित होणार होती आणि निर्णयाचे अधिकार दुसऱ्यांच्या हाती जाणार होते. शरद पवार नियामक मंडळाचे अध्यक्ष असताना २००६ साली हे विलीनीकरण पूर्ण झाले. त्यानंतर कुलकर्णी यांनी मंडळाच्या महिला समितीवर काम केले.

परिणाम

विलीनीकरणाचे फळ संमिश्र होते. प्रवास व निवासाच्या सोयी सुधारल्या, पण ऑगस्ट २००६ मध्ये इंग्लंडमध्ये टाँटन येथे कसोटी जिंकल्यानंतर भारतीय महिलांना पुढील कसोटी सामना ऑगस्ट २०१४ मध्येच मिळाला. महिला खेळाडूंना मंडळाचे वार्षिक करार २०१५ पासून मिळू लागले. ऑक्टोबर २०२२ मध्ये पुरुष व महिला खेळाडूंचे सामना मानधन समान करण्यात आले : कसोटीस १५ लाख, एकदिवसीय सामन्यास ६ लाख व ट्वेंटी-२० सामन्यास ३ लाख रुपये. मार्च २०२३ मध्ये पाच संघांची महिला प्रीमियर लीग सुरू झाली. २ नोव्हेंबर २०२५ रोजी नवी मुंबई येथे दक्षिण आफ्रिकेला हरवून भारताने प्रथमच महिला विश्वचषक जिंकला.

व्यवस्थापनातील स्त्रिया

कुलकर्णी यांच्या समकालीन, मुंबईच्या डायना एडुलजी याही याच मार्गाने प्रशासनात आल्या. जानेवारी २०१७ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने नियामक मंडळाच्या कारभारासाठी नेमलेल्या चार सदस्यांच्या प्रशासकीय समितीत त्या एकमेव स्त्री होत्या. मंडळाच्या सुधारित घटनेत शिखर परिषदेवर खेळाडू संघटनेच्या प्रतिनिधींपैकी एक स्त्री असणे बंधनकारक आहे.

अमेरिकेतील व्यावसायिक बेसबॉलमध्ये ही वाट निराळी आहे. तेथे संघाचा महाव्यवस्थापक खेळाडूंची निवड, करार व अदलाबदल पाहतो. महाविद्यालयात सॉफ्टबॉल खेळलेल्या किम अँग यांनी १९९१ च्या सुमारास शिकागो व्हाइट सॉक्स संघात प्रशिक्षणार्थी म्हणून प्रवेश केला. त्या १९९८ मध्ये न्यूयॉर्क यँकीजच्या सहायक महाव्यवस्थापक झाल्या. नोव्हेंबर २०२० मध्ये मायामी मार्लिन्सने त्यांना महाव्यवस्थापक नेमले. मेजर लीग बेसबॉलमध्ये हे पद मिळविणाऱ्या त्या पहिल्या स्त्री ठरल्या. अँग यांना सुस्थापित व्यवसायात पायरी पायरीने वर जावे लागले. कुलकर्णी यांच्या पिढीला मात्र खेळता खेळता आधी संघटनाच उभी करावी लागली, आणि पुढे तीच दुसऱ्यांच्या स्वाधीन करण्याचा निर्णयही घ्यावा लागला.