बर्फाच्या नद्या : आधी अक्षरं, मग नावं

अंटार्क्टिकाचा बर्फ एका जागी थिजलेला वाटतो. पण त्या बर्फात बर्फाच्याच नद्या वाहतात! त्यांना 'हिमप्रवाह' म्हणतात. आजूबाजूचा बर्फ वर्षाला जेमतेम काही मीटर सरकतो, तर हे प्रवाह शेकडो मीटर. कारण त्यांच्या तळाशी पाण्याने भिजलेला मऊ गाळ असतो आणि त्यावरून बर्फ घसरतो.

पश्चिम अंटार्क्टिकातल्या साइपल किनाऱ्यावर असे अनेक प्रवाह शेजारी शेजारी आहेत. १९७०च्या दशकात विमानातून रेडिओ लहरी सोडून बर्फाची जाडी आणि तळ मोजला गेला. त्यातून या प्रवाहांचा नकाशा तयार झाला. नावं सुचेपर्यंत थांबायचं कशाला, म्हणून संशोधकांनी त्यांना ए, बी, सी अशी अक्षरं दिली. पुढे तिथेच काम केलेल्या हिमशास्त्रज्ञांची नावं आली. 'बी' झाला व्हिलन्स, 'सी' झाला कॅम्ब, 'डी' झाला बिंडशॅडलर.

यातला कॅम्ब सगळ्यात चक्रावणारा. तो जवळपास थांबलेला आहे! रडारला वरच्या बर्फाखाली जुन्या भेगा गाडलेल्या दिसल्या. त्यांच्यावर किती बर्फ साचलाय यावरून कळलं, की हा प्रवाह सुमारे १५० वर्षांपूर्वी मंदावला. शेजारचा व्हिलन्सही आता हळू होतोय.

म्हणजे एकदा नकाशा काढून काम संपत नाही. यातला कोणता प्रवाह कधी थांबेल, कधी पुन्हा वेग घेईल, यावर समुद्रात किती बर्फ जाणार हे ठरतं.